पार्ल्याची पोटनिवडणूक आणि निकालातलं अर्धं वाक्य

विलेपार्ल्याच्या १९८७ च्या पोटनिवडणुकीची गोष्ट सांगताना शेवट आधी सांगून टाकलेला बरा. डॉ. रमेश प्रभू जिंकले, हायकोर्टानं त्यांची निवड रद्द केली आणि सुप्रीम कोर्टानं ती रद्दच ठेवली. आधी सांगायचं कारण एवढंच, की ‘हिंदुत्व ही जीवनपद्धती आहे, असं खुद्द सुप्रीम कोर्टानं म्हटलंय’ हे वाक्य आपण भाषणात, टीव्हीवरच्या चर्चेत, घरच्या जेवणाच्या टेबलावर कधी ना कधी ऐकलेलं असतं. ते वाक्य याच खटल्याच्या निकालातलं. आणि ज्या उमेदवारासाठी हिंदुत्वाच्या नावानं मतं मागितली गेली, तो उमेदवार त्या खटल्यात हरला. मी कित्येक वर्षं उलटंच समजत होतो. कोर्टानं शब्दाला मोकळं सोडलंय म्हणजे माणसालाही सोडलं असणार, असा माझा सरळ हिशोब होता.

आधी निवडणूक. १९८५ च्या विधानसभेत शिवसेनेचा एकच आमदार होता, माझगावचे छगन भुजबळ. त्याच वर्षी मुंबई महापालिका मात्र सेनेनं जिंकली होती. म्हणजे शहर हातात, पण विधान भवनात पाय ठेवायला जागा नाही, अशी अवस्था. पार्ल्याची जागा रिकामी झाली आणि सेनेनं तिथे थेट महापौरांनाच उतरवलं. डॉ. प्रभू तेव्हा मुंबईचे महापौर होते, पेशानं डॉक्टर, पार्ल्यात ओळखीचे. पुढे तिथलं प्रबोधनकार ठाकरे क्रीडासंकुल उभं राहिलं ते त्यांच्याच पुढाकारानं. समोर काँग्रेसचे प्रभाकर कुंटे आणि जनता पक्षाचे प्राणलाल व्होरा. गंमत म्हणजे भाजप या निवडणुकीत सेनेच्या बाजूनं नव्हता. त्याचा पाठिंबा व्होरांना होता. युती व्हायला अजून दीड-दोन वर्षं होती.

सेनेचा प्रचार तोवर मराठी माणसाभोवती फिरायचा. पार्ल्यात सूर बदलला. ‘गर्व से कहो हम हिंदू हैं’ ही घोषणा मुंबईच्या निवडणुकीत अशी उघडपणे पहिल्यांदाच घुमली. विलेपार्ले पूर्व म्हणजे मराठी मध्यमवर्गाचं माहेरघर, पण मतदारसंघात गुजराती मतदारही मोठ्या संख्येनं. नुसत्या ‘मराठी’वर तिथे बेरीज जमत नव्हती. हे माझं अनुमान, पण नकाशा आणि मतदारांची घडण पाहिली की दुसरं कारण सुचत नाही.

बाळासाहेब ठाकरे यांची तीन भाषणं या खटल्याचा कणा आहेत: २९ नोव्हेंबर १९८७ ला पार्ल्यात, ९ डिसेंबरला खारदांड्याच्या शंकर मंदिरापाशी आणि १० डिसेंबरला पार्ले पूर्वेच्या जलतरंग मैदानावर. कोर्टाच्या कागदपत्रांत त्यांचा मजकूर आहे. पहिल्या भाषणाचा आशय असा, की आम्ही ही निवडणूक हिंदू धर्माच्या रक्षणासाठी लढतोय, त्यामुळे आम्हाला मुसलमानांच्या मतांची पर्वा नाही. खारदांड्याच्या सभेत, सभागृहात आधीपासून असलेल्या भुजबळांच्या सोबतीला प्रभूंना पाठवा, धर्माच्या नावावर त्यांना विजयी करा, असं आवाहन होतं. मशिदी खणल्या तर खाली देवळं सापडतील, हे वाक्यही तिथलंच. जलतरंग मैदानावर जनता पक्षातल्या मुस्लिम नेत्यांवर, त्यातही सय्यद शहाबुद्दीन यांच्यावर, जी भाषा वापरली गेली ती इथे उतरवून काढण्यात अर्थ नाही. ती सर्वांत तिखट होती, एवढं पुरे.

१३ डिसेंबरला मतदान झालं, १४ ला निकाल. प्रभू आमदार झाले.

आता कायदा. यातला बराचसा भाग आपण ‘आचारसंहिता’ नावाच्या एकाच पोतडीत कोंबून मोकळे होतो, म्हणून जरा सावकाश घेऊ. आचारसंहिता वेगळी. ती निवडणूक आयोगाची, आणि ती मोडली तर बहुतेकदा नोटीस आणि समज यांवर निभावतं. इथे लागू होतो तो १९५१ चा लोकप्रतिनिधित्व कायदा. त्याच्या कलम १२३ मध्ये ‘भ्रष्ट आचरणां’ची यादी आहे. भ्रष्ट म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पाकिटं येतात. लाच त्या यादीत आहेच, पण त्याच यादीत उपकलम ३ आहे: उमेदवारानं, त्याच्या प्रतिनिधीनं किंवा त्याच्या संमतीनं दुसऱ्या कुणी ‘त्याच्या’ धर्म, वंश, जात, समाज किंवा भाषेच्या कारणावरून मत द्या किंवा देऊ नका असं आवाहन करणं. आणि पाठोपाठ ३-अ: याच कारणांवरून नागरिकांच्या गटांत वैर किंवा द्वेष पसरवणं, किंवा तसा प्रयत्न करणं. भाषाही त्यात आहे हे पुष्कळांना ठाऊक नसतं. ‘मी मराठी आहे म्हणून मला मत द्या’ हेही याच कलमात सापडू शकतं.

असं आचरण विजयी उमेदवारानं केलं, किंवा त्याच्या संमतीनं कुणी केलं, हे सिद्ध झालं की निवड रद्द होते. आणि हा मुद्दा महत्त्वाचा आहे: एकही मत त्यामुळे फिरलं का, हे इथे पाहावंच लागत नाही. ‘मी एवीतेवी निवडून आलोच असतो’ हा बचाव चालत नाही. दाद मागायची ती हायकोर्टात, निकालानंतर ४५ दिवसांच्या आत. खटला चालतो दिवाणी दाव्यासारखा, साक्षीपुरावे, उलटतपासणी सगळं; पण आरोप फौजदारी गुन्ह्याच्या तोडीनं सिद्ध करावा लागतो. नुसता संशय चालत नाही.

कुंटे यांनी अशी निवडणूक याचिका दाखल केली. न्यायमूर्ती एस. पी. भरुचा यांच्यासमोर ती चालली (पुढे ते देशाचे सरन्यायाधीश झाले). इथे एक पेच होता. आमदार प्रभू, पण वादातली भाषणं ठाकऱ्यांची. बोलला एक, निवड जाणार दुसऱ्याची, हे कसं? ‘संमती’ या शब्दामुळे. संमती कागदावर लिहून दिलेली असावी लागत नाही. उमेदवार सभेला हजर आहे, पक्षाचा सर्वोच्च नेता त्याच्यासाठी मतं मागतोय, तो त्यावर हरकत घेत नाही, पुढच्या सभेत पुन्हा तेच होतं. एवढ्यावरून कोर्ट संमती मानू शकतं. आणि जो उमेदवार नाही पण ज्यानं असं आचरण केलं, त्यालाही कलम ९९ खाली नोटीस देऊन, बाजू मांडायची संधी देऊन, निकालात त्याचं नाव घ्यायची सोय कायद्यात आहे. ठाकऱ्यांना तशी नोटीस गेली.

७ एप्रिल १९८९ ला भरुचांनी निकाल दिला: निवड रद्द. उपकलम ३ आणि ३-अ दोन्हींचा भंग. निकालात ठाकऱ्यांचंही नाव आलं. दोघांनी सुप्रीम कोर्टात वेगवेगळी अपिलं केली.

आणि मग तारखा. १९९० मध्ये विधानसभेची मुदत संपली, नवी निवडणूक झाली. बाबरी पडली, मुंबई पेटली, विझली. १९९५ मध्ये पुन्हा निवडणूक होऊन मार्चमध्ये सेना-भाजपचं सरकार आलं, मनोहर जोशी मुख्यमंत्री झाले. ज्या आमदारकीवरून भांडण होतं ती पाचेक वर्षांपूर्वीच कालबाह्य झालेली. मग खटल्यात उरलं काय? उरली होती अपात्रता. भ्रष्ट आचरणाचा शिक्का कायम झाला तर सहा वर्षांपर्यंत निवडणूक लढवायची बंदी येऊ शकते, आणि तिच्यासोबत मतदानाचा हक्कही जातो.

निकाल लागला ११ डिसेंबर १९९५ ला. न्यायमूर्ती जे. एस. वर्मा, एन. पी. सिंह आणि के. वेंकटस्वामी यांचं पीठ, आणि निकालपत्र वर्मांचं. प्रभूंच्या बाजूनं राम जेठमलानी उभे होते. त्यांच्या युक्तिवादाची एक कडी अशी, की हे कलमच अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या आड येतं. कोर्टानं ते मानलं नाही. घटनेनं बोलण्याच्या स्वातंत्र्यावर ‘सभ्यते’च्या कारणानं बंधन घालायला परवानगी दिली आहे, आणि सभ्यता म्हणजे फक्त अश्लीलतेचा अभाव नव्हे, धर्मनिरपेक्ष देशात उमेदवाराच्या धर्मावरून मतं मागणं हेही सभ्यतेला सोडून आहे, असं कोर्ट म्हणालं. सभ्यतेचा हा अर्थ मला फार आवडतो. आपण मराठीत ‘हे काही बरं दिसत नाही’ म्हणतो ना, त्याला दिलेलं कायद्याचं रूप.

दुसरी कडी हिंदुत्वाची. हिंदुत्व, हिंदू हे शब्द भाषणात आले म्हणजे झालंच का धर्मावर आवाहन? इथे कोर्टानं तो प्रसिद्ध परिच्छेद लिहिला. हे शब्द एका अरुंद धार्मिक अर्थात कोंडता येत नाहीत. हिंदुत्व म्हणजे सर्वसाधारणपणे एक जीवनपद्धती किंवा मनाची ठेवण असं समजलं जातं. त्यामुळे शब्द नुसता उच्चारला एवढ्यावरून भ्रष्ट आचरण ठरत नाही. बोलणारा तो कुठल्या संदर्भात, काय सुचवायला वापरतो, हे प्रत्येक भाषणात पाहावं लागेल.

आपल्यापैकी बहुतेकांचं वाचन इथेच थांबतं. निकालपत्र मात्र पुढे चालू राहतं. तीच कसोटी हातात घेऊन कोर्ट तिन्ही भाषणं तपासतं. त्यातलं पहिलंच भाषण प्रभू हिंदू आहेत म्हणून त्यांना मत द्या असं सांगतं, त्यानंतरच्या दोन भाषणांची भाषा आणखी जहाल होत जाते, आणि मुसलमानांबद्दलचे उल्लेख द्वेष पसरवणारे आहेत. संदर्भ पाहायचा म्हणालात ना, हा घ्या संदर्भ, अशा थाटात. हायकोर्टाचा निकाल कायम. राजकारणातल्या भाषेची पातळी किती घसरली आहे यावरही वर्मांनी कानउघाडणी केली आहे.

एक शंका मला बरेच दिवस छळत होती, ती इथेच मिटवून टाकतो. कुंटे हिंदू, व्होराही हिंदू. समोर दुसऱ्या धर्माचा बलवान उमेदवारच नसेल तर ‘हिंदू आहे म्हणून’ या आवाहनाला अर्थ काय? पण कायद्याचे शब्द पुन्हा वाचा. प्रतिस्पर्धी कोणत्या धर्माचा आहे याची अट त्यात कुठेही नाही. आपला उमेदवार हाच खरा धर्माचा राखणदार, बाकीचे नाहीत, असं चित्र उभं करून मतं मागितली की पुरे.

‘जीवनपद्धती’ हा शब्द कोर्टानं हवेतून काढला नव्हता. तो तीस वर्षं जुना होता, आणि त्याची जन्मकथा या सगळ्यापेक्षा सुरस आहे. १९५६ च्या मुंबई राज्याच्या कायद्यानं हिंदूंची सार्वजनिक देवळं सर्व हिंदूंना, म्हणजे अर्थातच दलितांनाही, खुली केली होती. अहमदाबादच्या स्वामीनारायण पंथाचे सत्संगी कोर्टात म्हणाले, आम्ही हिंदूच नाही, आमचा पंथ वेगळा, तेव्हा हा कायदा आमच्या मंदिरांना लागू नाही. जानेवारी १९६६ मध्ये सरन्यायाधीश प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी निकाल दिला. साताऱ्याचा हा संस्कृत जाणणारा माणूस. हिंदू धर्म म्हणजे काय यावर त्यांनी पानंच्या पानं लिहिली. एक प्रेषित नाही, एक ग्रंथ नाही, एक देव नाही, एक विधी नाही. तेव्हा हिंदू धर्माचं वर्णन ढोबळमानानं एक जीवनपद्धती असंच करता येईल. व्याख्या इतकी ऐसपैस, की सत्संगीही तिच्यातच येतात. आणि आत आले की मंदिराचं दारही उघडावं लागतं. म्हणजे व्याख्या रुंद केली ती दलितांना आत घेण्यासाठी. तोच शब्द १९९५ मध्ये निवडणुकीच्या खटल्यात आला. मात्र गजेंद्रगडकर बोलत होते ते हिंदू धर्माबद्दल. ‘हिंदुत्व’ हा विसाव्या शतकात घडलेला राजकीय शब्द, त्याला तोच अंगरखा घालता येतो का, हा प्रश्न वर्मांच्या निकालात पुरेसा सोडवलेला नाही असं मला वाटतं. टीकाकारांची मुख्य तक्रारही तीच आहे.

आणखी एक योगायोग. हिंदू धर्म सहिष्णू आहे हे सांगताना सुप्रीम कोर्टानं एका न्यायमूर्तींच्या अयोध्या प्रकरणातल्या वेगळ्या निकालपत्राचा आधार घेतला आहे. ते न्यायमूर्ती कोण, तर भरुचा. १९८९ मध्ये प्रभूंची निवड ज्यांनी रद्द केली तेच.

मग लोकांच्या लक्षात निकालाची एकच बाजू का राहिली? मोठं कारण त्याच दिवशी, त्याच पीठानं दिलेल्या दुसऱ्या निकालात आहे. मनोहर जोशी १९९० मध्ये दादरमधून निवडून आले होते. महाराष्ट्रात पहिलं हिंदू राज्य स्थापन होईल, असं त्यांनी प्रचारात म्हटल्याचा आरोप होता आणि हायकोर्टानं त्यांची निवड रद्द केली होती. सुप्रीम कोर्टानं हायकोर्टाचा निकाल फिरवला. असं विधान कितीही निंद्य असलं तरी ते उमेदवाराच्या धर्मावरून मागितलेलं मत नव्हे. फार तर एक आशा व्यक्त केली आहे, असं कोर्ट म्हणालं. जोशी तेव्हा मुख्यमंत्री. निकाल उलटा लागता तर अपात्रतेची टांगती तलवार थेट मुख्यमंत्र्यांच्या खुर्चीवर आली असती. साहजिकच बातमी झाली ती जोशी सुटल्याची आणि हिंदुत्वाच्या परिच्छेदाची. आठ वर्षांपूर्वीच्या एका पोटनिवडणुकीतले माजी महापौर हरले, हे कोण मथळ्यात घेणार?

शिक्षेचं काय झालं, तेही सांगण्यासारखं आहे. अपात्रता किती वर्षांची हे कोर्ट ठरवत नाही. प्रकरण राष्ट्रपतींकडे जातं, राष्ट्रपती निवडणूक आयोगाचं मत घेतात आणि त्या मतानुसार आदेश काढतात. हा प्रवास साडेतीन वर्षांहून जास्त चालला. २८ जुलै १९९९ ला राष्ट्रपती के. आर. नारायणन यांच्या आदेशानं ठाकऱ्यांचा मतदानाचा आणि निवडणूक लढवण्याचा हक्क सहा वर्षांसाठी काढून घेतला गेला. सहा वर्षं मोजायची मात्र ११ डिसेंबर १९९५ पासून, म्हणजे १० डिसेंबर २००१ पर्यंत. आदेश निघाला तोवर १९९६ आणि १९९८ अशा लोकसभेच्या दोन निवडणुका होऊन गेल्या होत्या. ठाकऱ्यांनी आयुष्यात एकही निवडणूक लढवली नाही, तेव्हा लढवण्याची बंदी त्यांना बोचण्याचं कारण नव्हतं. बोचली असेल ती मतदानाची. १९९९ च्या सप्टेंबरात महाराष्ट्रात लोकसभा आणि विधानसभा एकदमच झाल्या, आणि सत्ता टिकवायला उतरलेल्या पक्षाच्या प्रमुखालाच मत देता येत नव्हतं. प्रचार करायला, सभा घ्यायला मात्र बंदी नव्हती. म्हणजे ज्या जिभेमुळे शिक्षा झाली ती मोकळी आणि बोटाला शाई लावायला मनाई. कायद्याची रचनाच तशी आहे.

राहता राहिला तो ‘त्याच्या’ हा शब्द, जो मी वर मुद्दाम अवतरणात टाकला होता. ‘त्याच्या धर्माच्या कारणावरून’, म्हणजे कोणाच्या? उमेदवाराच्या, की मतदाराच्याही? प्रभूंच्या खटल्यात कोर्टानं तो उमेदवाराचा धर्म धरला. मग ‘तुम्ही अमुक धर्माचे आहात, म्हणून याला मत द्या’ असं म्हटलं तर? ही पळवाट होती, आणि तिचा निवाडा पार्ल्याला लागूनच असलेल्या सांताक्रूझच्या खटल्यात व्हायचा होता. तिथले भाजपचे अभिराम सिंह १९९० मध्ये निवडून आले होते, त्यांचीही निवड हायकोर्टानं रद्द केली होती. १९९६ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी ते प्रकरण मोठ्या पीठाकडे पाठवलं. मोठं पीठ बसायला दोन दशकं लागली.

अखेर सात न्यायमूर्ती बसले. हिंदुत्वाचा अर्थ काय, १९९५ चं बरोबर की चूक, यात आम्ही शिरणार नाही, हे त्यांनी ऑक्टोबर २०१६ मध्येच सांगून टाकलं. त्यांच्यापुढे प्रश्न फक्त ‘त्याच्या’ या शब्दाचा. २ जानेवारी २०१७ ला निकाल आला, चार विरुद्ध तीन. बहुमत म्हणालं, ‘त्याच्या’मध्ये उमेदवार आला, त्याच्यासाठी बोलणारा आला आणि मतदारही आला, धर्म कुणाचाही असो, त्यावरून मत मागता येणार नाही. अल्पमत म्हणालं, शब्द उमेदवारापुरताच वाचा. नाहीतर शतकानुशतकं जात-धर्मामुळे चिरडल्या गेलेल्या माणसांनी त्या अन्यायाबद्दल निवडणुकीत बोलायचंच नाही का? अल्पमताचं निकालपत्र न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांचं, सोबत उदय लळित. बहुमताच्या बाजूला शरद बोबडे. मुंबईतल्या एका मतदारसंघातून उठलेल्या वादात तीन मराठी न्यायमूर्ती दोन बाजूंना वाटले गेले होते. मला अल्पमताचा प्रश्न आजही सुटलेला वाटत नाही, पण निवाडा बहुमताचाच चालतो.

सांताक्रूझची ती विधानसभा १९९५ मध्येच संपली होती. ‘त्याच्या’ या शब्दाचा अर्थ सांगून झाल्यावर सात न्यायमूर्तींनी फाईल पुढच्या सुनावणीसाठी पुन्हा नेहमीच्या पीठाकडे पाठवली.